हेल्मेट वेगळं ठेव

हेल्मेट काढून मी वहिनींच्या हातात दिलं. त्यांनी ते पट्ट्याला दोन बोटांनी धरलं. अंगापासून लांब. मेलेला उंदीर धरतात तसं. गड्याला म्हणाल्या, "हे आत नको. औषध मार नि वेगळं ठेव."

मी समोरच उभी. गळ्यात त्यांनीच घातलेला हार.

पावस गावाजवळ त्यांची हापूसची बाग. बागेला लागून सड्यावर, उघड्या कातळावर, त्यांनी स्केटबोर्डचं मैदान बांधलं. फाटकावर फ्लेक्स, त्यावर माझं नाव, माझा फोटो. कारण मी देशात पहिली आले होते. आधी स्केटबोर्डवर, मग बर्फावरच्या बोर्डवर. तोवर बर्फ मी फक्त मासळीच्या टोपलीत बघितलेला. उत्तरेतल्या डोंगरांत पडून पडून शिकले. मनगट मोडलं. तरी जिंकले.

उद्घाटनाला मी खेळ करून दाखवला. त्यांच्याच आग्रहाने, त्यांचंच हेल्मेट घालून.

"वहिनी, औषध कशाला?"

"अगं, स्वच्छता. मुलं घालणार ना."

माझ्याआधी तेच हेल्मेट त्यांच्या भाच्याने घातलं होतं. घामेजलेलं. तसंच माझ्या हातात दिलं होतं. तेव्हा स्वच्छता कुठे होती?

वहिनींचे यजमान, बागवाले अण्णा, हसत पुढे आले. "मनाला लावून घेऊ नको. तुमच्या बौद्धवाडीतल्या मुलांनाही शिकव की. सकाळी आमची, दुपारी तुमची. हेल्मेटं तेवढी वेगळी ठेवू. पालक कुरकुरतात." मग पाठीवर थाप मारल्यासारखं करून, हात न लावता, म्हणाले, "तोल काय, तुमच्या रक्तातच असतो."

रक्तात! वाडीच्या उतारावर गुडघे सोलून, डांबरावर रक्त सांडून मिळवलेला तोल.

आणि आमच्या पोरांना दुपारी. सड्यावर. तापलेल्या सिमेंटवर पाय ठरत नाही तेव्हा.

समोर ताटात हापूसच्या फोडी. मी एकही उचलली नाही. इतकी वर्षं वाटायचं, पदक आणलं की हे सुटेल. सुटत नाही. पदकावरही औषध मारतात.

आई मागे कुंपणाजवळ उभी होती. तिला खुर्ची दिली नव्हती. ती याच बागेत आंबे भरायला जाते. माझा चेहरा बघून जवळ आली, कुजबुजली, "गप ऱ्हा गो. उद्या मना हितंच कामाला यायचाय."

गप राहिले नाही. हार काढून ताटात टाकला.

"अण्णा, माझं नाव उतरवा."

"पाहुणे बसलेत."

"त्यांच्यासमोरच उतरवा."

कोणी हललं नाही. मी खुर्ची फाटकापर्यंत ओढत नेली, चढले, फ्लेक्स ओढला. तो नेमका फोटोतल्या माझ्या तोंडावर फाटला. फाटू दे.

दुसऱ्या दिवसापासून आईला कामावर बोलावलं नाही. आई माझ्याशी बरेच दिवस बोलली नाही. मैदान चालू आहे. भाचा तिथे शिकवतो.

मी वाडीच्या उतारावर शिकवते. गाड्या हॉर्न मारतात, पोरं पडतात, उठतात. बातमीवाले येतात, 'कोकणकन्या' लिहितात. मी बौद्धवाडी सांगते. ते गाळतात. मी पुन्हा सांगते.

माझ्या वाडीतली पोरं सगळ्यांबरोबर, त्याच वेळी जिथे आत जाणार नाहीत, तिथे माझं नाव लागणार नाही. मी मेल्यावरही नाही. घरात तसं सांगून ठेवलंय.