चन्नप्पाची साक्ष

केजच्या कोर्टात मी एकदा दावा जिंकलो आणि त्याची लाज मला अजून वाटते. जिंकून दिला तो समोरच्या बाजूच्या साक्षीदारानं, चन्नप्पानं.

आमचा किराणा व्यापारी संघ साठेक दुकानांचा. चन्नप्पा त्याचा अठरा वर्षं चिटणीस. कपाळाला भस्म, काखेत संघाचं रजिस्टर. सभा आमच्यात कधी भरतच नसे. गिऱ्हाईक सोडून कोण उठणार? मग चन्नप्पाच दुकानोदुकान फिरायचा, ठराव वाचून दाखवायचा, आणि आम्ही एका हातात तागडी धरून दुसऱ्या हातानं सही ठोकायचो. खाली तो सुबक अक्षरात लिहायचा, 'सभा खेळीमेळीत पार पडली.' यात काही गैर आहे असं कुणाच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

चौऱ्याण्णव साली मात्र अध्यक्षपदाला भाव आला. नव्या नव्या कंपन्यांचे एजंट जीपा घेऊन बीडहून यायला लागले. आज शाम्पूच्या पुड्या, उद्या कसल्या तरी शेवया. गावात शिरले की आधी अध्यक्षाचं दुकान विचारायचे. अध्यक्ष होता सिद्धाराम, चन्नप्पाचा मेहुणा. धाकटी बहीण कावेरी त्याला दिलेली. त्या वर्षीही तोच एकमतानं निवडून आला, अर्थात रजिस्टर फिरवूनच. माझ्या पोटात दुखलं, खरं तेच सांगतो. मी दावा ठोकला. सभा झालीच नाही, आणि रजिस्टरातली माझी सही खोटी आहे. सहीचं वाक्य वकिलाचं नव्हतं, माझंच होतं.

सिद्धारामचा सगळा भार चन्नप्पाच्या साक्षीवर होता. सभा झाली एवढं म्हटलं की काम फत्ते. साक्षीच्या आदल्या दिवशी कावेरी भावाच्या दुकानात आली. माझं दुकान समोरच, मला ऐकू आलं.

"अण्णा, माझं घर हाय ते. जरा सांभाळून बोला."

चन्नप्पा मान खाली घालून तिच्या लेकरांसाठी पेंडखजूर बांधत राहिला.

कोर्टात शपथ झाली. सिद्धारामच्या वकिलानं विचारलं, "सभा झाली होती ना?"

"न्हाई साहेब."

वकिलाला वाटलं, म्हातारा गडबडला. त्यानं पुन्हा विचारलं.

"झाली न्हवती. झाली म्हनून मी लिवलं. अठरा वर्सं तसंच लिवतोय. चूक माजी हाय, सजा मला द्या."

सिद्धाराम बाकावरून अर्धा उठला. मी मनात पेढे वाटायला लागलो होतो, तेवढ्यात माझ्या वकिलाला शहाणपण सुचलं. "म्हणजे सह्यासुद्धा खोट्याच?"

"सह्या खऱ्या हायत. राधाकिशनशेठची बी. साखर जोखता जोखता केली त्येंनी, माज्या म्होरं."

राधाकिशन म्हणजे मीच. अख्खं कोर्ट हसलं.

निवडणूक रद्द झाली. जज्जसाहेबांनी मला आणि चन्नप्पाला चार शब्द सुनावले. त्यानं ते हात जोडून ऐकले, मी घड्याळ बघत ऐकले. चिटणीसपद त्यानं आपण होऊन सोडलं. सिद्धारामनं त्याला घराचं दार बंद केलं आणि त्या भाऊबीजेला कावेरी ओवाळायला आली नाही. अशी किंमत मोजायची माझी छाती कधी झाली नसती.

मग कोर्टाच्या हुकमानं आमची पहिली खरीखुरी सभा भरली. दुपारभर दुकानं बंद. उभे होतो मी आणि सिद्धाराम. चन्नप्पाचं मत मी माझ्यातच धरलं होतं, कारण सिद्धारामकडे जायला त्याला तोंड कुठं उरलं होतं? पण सिद्धारामसाठी हात वर करा म्हटल्यावर पहिला हात वर गेला तो चन्नप्पाचा. त्याच्यामागे भराभर हात गेले. मी पडलो.

बाहेर मी त्याला गाठलंच. "आप्पा, मतच द्यायचं होतं तर कोर्टात त्याला बुडवलं कावून?"

"सभा झाली न्हवती, एवढंच म्हनलो मी. मानूस चांगला न्हाई असं कवा म्हनलो?"

मागे सिद्धाराम हार गळ्यात तसाच ठेवून उभा होता. त्यानं ते ऐकलं. पुढं येऊन म्हणाला, "पाव्हनं, घरी चला. कावेरी वाट बघतीय."

दोघं निघून गेले. चन्नप्पा पुढं बारा वर्षं माझ्या समोरच्या दुकानात बसला, पण त्या सहीवरून त्यानं मला एकदाही टोमणा मारला नाही. मारला असता तर बरं झालं असतं.