ओला माल

आक्का या देशात आली ती नवऱ्याच्या पाठोपाठ, इथल्या भाषेचा एक शब्द येत नसताना. दवाखान्यांच्या चादरी धुणाऱ्या मोठ्या लाँड्रीत तिला इस्त्रीवर काम मिळालं आणि तरुणपण त्या वाफेत गेलं. पुढारीपण तिनं मागून घेतलं नव्हतं. उन्हाळ्यात मुकादमानं खिडक्या बंद करवल्या, तेव्हा बायकांनी तिला पुढे ढकललं. "तू बोल, तुझा आवाज मोठा आहे." खिडक्या उघडल्या आणि तेव्हापासून कुणाचंही काही अडलं की आक्का. पुढे युनियननं तिला इस्त्रीवरून काढून सायकल दुरुस्तीच्या दुकानावरच्या एका खोलीत बसवलं. नवरा शिंपी. तो म्हणायचा, "घरात माझं कोणी ऐकत नाही आणि हिचं सगळं गाव ऐकतं. शिलाई मशीन घेऊन तुझ्या युनियनमध्येच येतो."

गाव ऐकत होतं, पण गावाला काय समजत होतं हा प्रश्नच होता. कामगार आले होते कुठून कुठून, कोणी डोंगरातून, कोणी बेटांवरून. सभेत आक्का एक वाक्य बोलायची, मग ते चार कोपऱ्यांत चार भाषांत फिरायचं. एका कोपऱ्यात हशा, दुसऱ्यात भांडण. आपण नक्की काय बोललो, हे तिलाच कळेनासं व्हायचं.

त्या वर्षी धाकटीचं प्रकरण झालं. धुलाईकडच्या एका पोरीला सगळे धाकटी म्हणत, अंगानं चिमणीएवढी, पदरात एक लेकरू. शेजारणीची बाही यंत्रात अडकली म्हणून तिनं कुणाला न विचारता बटण दाबून यंत्र थांबवलं. शेजारणीचा हात वाचला, पण धाकटीची नोकरी गेली. या देशात राहण्याचा तिचा परवाना नोकरीला बांधलेला. महिनाअखेर काम परत मिळालं नाही, तर लेकराला घेऊन निघून जायचं.

सभा झाली. धाकटीला परत घेईपर्यंत काम बंद, उद्या सकाळपासून. चारही कोपऱ्यांतून हात वर झाले. आक्कानं दोनदा विचारलं, हात दोनदा वर झाले.

सकाळी ती फलक घेऊन फाटकाशी उभी राहिली. धाकटी परवान्याच्या कचेरीत रांगेला गेली होती. आणि मग कामगार आले, तेही रोजच्या वेळेच्या आधी. तिच्याकडे बघून हसले, कोणी हात हलवला आणि सगळे सरळ आत गेले.

आक्काला वाटलं, आपापले फलक आणायला आत गेले असतील. मग यंत्रांची घरघर सुरू झाली. रात्रीतून काय झालं? कोणी धमकावलं? की सभेत 'काम बंद'चं भलतंच काही पोचलं?

मुकादम चहाचा कप घेऊन बाहेर आला. "काय आक्का, एकटीचाच संप?"

"गप बस."

"तसं नाही. पलीकडच्या वस्तीतून मी रोजंदारीची माणसं आणून ठेवलीत. गाडी कोपऱ्यावर उभी आहे. ठेवू की पाठवू परत, तेवढं सांग. उगाच त्यांचा दिवस नको बुडायला."

"माझी माणसं आत गेली, तुला दिसत नाही? पाठव परत."

गाडी गेली. आक्का मात्र तिथेच उभी राहिली.

ऊन वर आलं तेव्हा घरघर थांबली आणि सगळी फौज बाहेर आली, बाह्या कोपरापर्यंत भिजलेल्या. तिच्या शेजारी रांगेनं उभी राहिली. धुलाईवरच्या म्हाताऱ्यानं तिच्या हातातला फलक घेऊन उंच धरला.

"हे काय? आत कशाला गेला होता?" आक्का ओरडली.

म्हातारा चकित. "रात्रीचा ओला माल यंत्रात होता ना! तसाच टाकून येणार? कुबट वास सुटला असता. आपण भरलेलं यंत्र आपणच रिकामं करायचं."

"मग सभेत बोलला का नाहीत?"

"यात बोलायचं काय?"

आक्का आयुष्यभर कोरड्या बाजूला. तिथे इस्त्री बंद केली की काम बंद. ओल्या बाजूचा हा रिवाज तिच्या कानावर कधी आलाच नव्हता. तेवढ्यात धुतलेल्या चादरींनी भरलेली गाडी फाटकातून दवाखान्यांकडे निघाली. तिनं कपाळावर हात मारला. हा संप म्हणायचा की जादा पाळी?

पण दुपारी मळक्या चादरींच्या गाड्या येऊन ठेपल्या आणि उतरवायला माणूस नाही. मुकादमानं रोजंदारीवाल्यांना फोन केले, तर ते दुसऱ्या कामाला लागलेले. दवाखान्यांचे फोन सुरू झाले. संध्याकाळच्या आत मालकाचा निरोप आला, त्या बाईला उद्यापासून घ्या.

गाडी परत पाठवल्याचं मुकादमाच्याच तोंडून फुटलं. मग कामगारांत एकच गलका. "आक्कानं मुकादमाला काय गंडवलं! गाडी परत पाठवायला लावली! काय डोकं!"

"अगं, मी गंडवलं नाही, मला खरंच वाटलं..." तिचं वाक्य चार भाषांत फिरलं आणि हशा बनून परत आलं. "आणि वर साळसूदपणा बघा!"

धाकटी रात्री लेकराला घेऊन तिच्या घरी आली. नवऱ्यानं लेकराला चिंध्यांचा चेंडू करून दिला. धाकटीनं वाकून नमस्कार केला, तशी आक्का मागे सरली.

"नमस्कार नको. मी मुकादमाशी खोटं बोलले नव्हते. मला वाटलं, सगळ्यांनी मला सोडलं. तुलाही. मी हरले होते."

धाकटीनं विचारलं, "मग घरी का गेली नाहीस? ऊन वर येईपर्यंत कशाला उभी होतीस?"

आक्कानं तोंड उघडलं. फलक जड होता, पाय दुखत होते, कोणी येईल अशी आशाही नव्हती. तिनं नवऱ्याकडे पाहिलं, तर तो दोऱ्याची गाठ मारण्यात गुंग.

"कोण जाणे," ती म्हणाली. "खरंच, कोण जाणे."