उजेड धरणाऱ्या काकू

"मानूस चार ओळीत बसवतो बघा," म्हणत काका अंगठा दुमडून चार बोटं नाचवायचे. भोरच्या एसटी स्टँडसमोर माझं झेरॉक्सचं दुकान, त्याला लागून त्यांचं व्हिडिओ शूटिंगचं. लग्नसराईत लग्नं, एरवी गेलेल्या माणसांच्या छोट्या फिल्मा. जुने फोटो, बासरी आणि शेवटी त्यांनी रचलेली चारोळी. तुम्हीही पाहिली असेल एखादी.

हिर्डोशीच्या एका आजीसाठी त्यांनी लिहिलं होतं:

भात लावला, नाचणी लावली,
लावला आम्हा लळा,
आजी, तुझ्यावाचून आता
ओस पडला मळा.

"काका, हिर्डोशीत मळा कुठला? नुसता डोंगर!"

"यमक हाय ना, ताई!"

मग काकू गेल्या. प्रत्येक लग्नात काकांच्या मागे उभं राहून त्याच हॅलोजनचा दिवा धरायच्या. वर्षश्राद्धासाठी त्यांची फिल्म करायला काका बसले आणि हबकले. इतक्या वर्षांच्या शूटिंगमध्ये काकू कुठेच नव्हत्या.

"कधी हात यायचा, कधी पदर. म्याच कापून टाकायचो."

त्यांनी ऑर्डरी सोडल्या. कुठंतरी कापायची राहिली असंल, म्हणत पालीपासून कापूरहोळपर्यंत दारोदार जाऊन लोकांच्या लग्नाच्या सीड्या मागू लागले. लोक वैतागले, डोक्यावर परिणाम झालाय म्हणाले. मलाही भीती वाटायची. तरी मी माझी सीडी दिली.

माझं लग्न गोरज मुहूर्ताचं. अंतरपाट दूर होतो, तेवढ्यात आमच्यावरचा उजेड सरकतो आणि कोपऱ्यात रडणाऱ्या माझ्या आईवर जाऊन थांबतो. नवरा-नवरी अंधारात! काकांनी तिथेच चित्र थांबवलं.

"त्या दिशी लई बोललो तिला. म्हनली, आईकडं कुनीच बघत न्हवतं."

आता आई नाही. तिचं हलतं चित्र माझ्याकडे तेवढंच आहे. मी दुकानातच रडले.

वर्षश्राद्धाला फिल्म लागली. परक्या लग्नांतले चेहरे आणि त्यांच्यावरून फिरणारा, थरथरणारा उजेड. काकांची बहीण कुजबुजली, "वैनी कुठं हाय यात?"

"उजेड हालतोय न्हवं? तीच हाय."

शेवटी चारोळी आलीच नाही. मी विचारलं, तर त्यांनी सवयीने चार बोटं उचलली आणि मिटून घेतली.

"तिला न्हाई बसवता येत, ताई."

पुढच्या पावसाळ्यात काकाही गेले. श्रद्धांजलीच्या बॅनरसाठी फोटो हवा म्हणून त्यांची बहीण माझ्याकडे आली. आधार कार्डावरचे काका कुणालाच ओळखू येईनात, आणि एरवी कॅमेरा कायम त्यांच्याच खांद्यावर. मी माझी सीडी लावली. उजेड आईवर थांबतो, तेव्हा तिच्या मागच्या भिंतीवर त्यांची सावली पडते. खांद्यावर कॅमेरा, मान जराशी कलती. काकूंनी धरलेल्या उजेडात काका तेवढे सापडले.

बॅनरवर आम्ही ती सावलीच छापली.