नायदादांचा होकार

संगणकाने पडद्यावर काहीही विचारले की नायदादा आधी मोठ्याने "नाय" म्हणत आणि मग प्रश्न वाचत. मूळचे शिरगावचे. बोईसरला त्यांचे संगणक दुरुस्तीचे दुकान होते. तारापूरच्या कारखान्यांपासून पालघरमधल्या आमच्या साप्ताहिकापर्यंत त्यांचा वावर असे. खरे नाव कोणी घेत नसे.

आमचे पाने लावायचे सॉफ्टवेअर जुने होते. वार्ताहर मोबाइलवर टाइप करून बातम्या पाठवत, त्या त्याला वाचता येत नसत. दादांनी त्यासाठी छोट्या आज्ञावल्या लिहून दिल्या होत्या. त्या मजकूर जुन्या फॉन्टमध्ये बदलत. आज्ञावल्या चालवणारे इंजिन मात्र सॉफ्टवेअरचे स्वतःचे नव्हते. ते एका वेगळ्या डीएलएल फाइलमध्ये होते आणि संगणकावरची इतर सॉफ्टवेअरही तीच फाइल वापरत. "चाळीतला सामाईक नळ हाय हा," दादा सांगत. "एक बिऱ्हाड गेलं म्हनून नळ उपटायचा नाय."

एका बुधवारी दुपारी नळ उपटला गेला. पाने मानसी लावत असे. संगणक हळू चालतो म्हणून तिने एक वापरात नसलेला शब्दकोश काढून टाकला. ही सामाईक फाइल आता कोणी वापरत नसावे, पुसू का, असे पडद्यावर आले. तिने होय दाबले. पुढची बातमी घेतली तर आज्ञावली चालेना. मथळ्याच्या जागी नुसते चौकोन. अंक संध्याकाळी छापखान्यात जायचा होता. पुन्हा उशीर झाला तर पाने वसईला लावायला देऊ, असे मालक आधीच बोलून बसले होते. म्हणजे मानसीची नोकरी जाणार. ते तिला माहीत होते आणि आम्हालाही.

दादा आले तोवर मालकांनी नेटवर तीच फाइल शोधून ठेवली होती.

"ही घ्या. नवीन आहे."

"नाय शेठ. नेटवरची फाइल म्हंजे रस्त्यात पडलेला पापलेट. दिसायला ताजा, पन कुनाच्या टोपलीतला ते ठाव नाय."

"मग काय करायचं?"

"त्या म्हातारीला उठवायचं."

म्हातारी म्हणजे कोपऱ्यातला जुना संगणक. मालक तो भंगारात देणार होते, तेव्हाही दादांनी "नाय" म्हटले होते. त्यानंतर त्यावर शिल्लक अंकांचे गठ्ठे ठेवले जात. गठ्ठे उतरवले. म्हातारी कुरकुरत सुरू झाली. तिच्यात तीच फाइल होती, आम्हाला हवी तीच जुनी आवृत्ती. दादांनी ती पेनड्राइव्हवर आणली, जागेवर ठेवली, संगणकात तिची नोंद केली आणि उठून मानसीला खुर्ची दिली.

"चालव, बाय."

घिवलीच्या सुक्या मासळीची बातमी जोडाक्षरांसकट उमटली. मानसी ओढणीने तोंड पुसून हसली.

"पण चूक कोणाची?" मालकांनी विचारले.

"मशीनची. कोन वापरतं ते त्याला ठाव नाय, तरी पुसू का इचारतं. पोरीनं उत्तर दिलं. हाच प्रश्न वसईवाल्यांना पन येईल शेठ, आनि मी काय वसईला नाय जानार. गुडघे दुखतात माझे."

मालकांना हसू आले. वसईचा विषय त्यांनी पुन्हा काढला नाही.

पुढे गुडघ्यांमुळेच दादांनी दुकान बंद केले आणि ते शिरगावला राहायला गेले. गेल्या वर्षी साप्ताहिकाने नवे सॉफ्टवेअर घेतले; ते मोबाइलवरचा मजकूर थेट वाचते. जुने काढताना पडद्यावर तोच प्रश्न आला. मानसीने माउसवरचा हात काढला आणि फोन लावला.

"दादा, तो प्रश्न आलाय. नाय ना?"

"आता कोन वापरतं ती फाइल?"

"कोणीच नाही. एकेक उघडून बघितलं."

"एक प्रत बाजूला ठेवली?"

"ठेवली."

"मंग दाब होय."

फोन स्पीकरवर होता. हा शब्द त्यांच्या तोंडून कार्यालयात कोणीच याआधी ऐकला नव्हता. मानसीने होय दाबले आणि अंकाचे पहिले पान उघडले. ते नीट उघडले. अंक वेळेवर छापखान्यात गेला. दादांना बोलवावे लागले नाही.