बिनभोंग्याचा हादरा

आमच्या गावाला हादऱ्यांची सवय आहे. गडचांदूरच्या बाजूला चुनखडीच्या खाणी आहेत. दुपारी भोंगा वाजतो, थोड्या वेळाने सुरुंग उडतो. भोंगा ऐकला की घरोघरच्या बाया हातातलं काम टाकून भांड्यांची मांडणी धरतात आणि हादरा गेला की सोडतात. मी शाळेत शिकवते, पण सुट्टीच्या दिवशी मीही धरते. यात काही विशेष आहे असं आम्हाला कधी वाटलं नाही.

त्या रविवारी सकाळी भोंगा न वाजताच घर हललं. मी सवयीने मांडणी धरली. मग सगळं गाव चिडून खाणीच्या गेटवर गेलं. न सांगता सुरुंग लावता म्हणजे काय? सगळ्यात मोठा आवाज माझाच होता. चौकीदार हात जोडून सांगत होता की आज खाण बंद आहे. आम्ही त्याला खोटारडा ठरवून परत आलो. संध्याकाळी मोबाइलवर कळलं, तो भूकंप होता. भूकंपात काय करायचं हे मी दरवर्षी मुलांना शिकवते. टेबलाखाली बसा, असं सांगते. शाळेत टेबल एकच आहे आणि ते माझं आहे.

घरात आम्ही दोघीच, आई आणि मी. त्या दिवशी आईने आपली बाज अंगणात नेली ती नेलीच. दिवस थंडीचे, त्यात तिला दमा. पहाटे तिचा खोकला कानावर आला की माझा जीव खालीवर व्हायचा. मी समजावलं, रागावले, अबोला धरून पाहिला. जाणत्या माणसाने येऊन काही होत नाही म्हटलं तरच आत येईन, असा तिचा हेका.

मग भूकंपांचा अभ्यास करणाऱ्या राष्ट्रीय संस्थेतले एक साहेब यंत्र घेऊन आले. शाळेच्या रिकाम्या खोलीत त्यांनी ते बसवलं आणि किल्ली माझ्याकडे दिली. मला फार हायसं वाटलं. पूर्वानुमान हे त्यांचं कामच आहे, असं मी वाचलं होतं. मी विचारलं, पुन्हा कधी येईल? ते म्हणाले, दिवस आणि वेळ कोणालाच सांगता येत नाही. या भागात शक्यता किती, एवढंच सांगता येतं, तेही पुष्कळ नोंदी झाल्यावर. मग हे यंत्र कशाला? नोंदींसाठी. सुरुंग कुठला आणि भूकंप कुठला, हे तरी कळतं का? कळतं, पण होऊन गेल्यावर.

माझं डोकं चालेना. उद्याचं सांगत नाही ते कसलं पूर्वानुमान? आणि माणूस थापा मारत नाही हेही दिसत होतं. गणित न कळलेली मुलं माझ्याकडे बघतात तशी मी त्यांच्याकडे बघत राहिले.

शेवटी मी त्यांना चहाला घरी बोलावलं आणि वाटेत गळ घातली. आईला एवढंच सांगा, की आता काही होत नाही, आत झोपा. ते हो म्हणाले नाहीत, नाहीही म्हणाले नाहीत. हे खोटं की औषध, माझं मलाही ठरवता येत नव्हतं.

चहा झाल्यावर आईने त्यांना आतल्या खोलीत नेलं. मागच्या भिंतीत कोपऱ्यातून वर गेलेली भेग आहे. सुरुंगाची जुनी म्हणून मी कधी तिच्याकडे लक्ष दिलं नव्हतं. साहेबांनी बोट लावलं तर ते सहज आत गेलं. माझा पलंग त्याच भिंतीला लागून होता.

"साहेब, तुमी निजान का इथी?" आईने विचारलं.

मी मागून डोळ्यांनी विनवत होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पुन्हा भिंतीकडे पाहिलं.

"नाही, आजी. भूकंपाचं मी सांगू शकत नाही. पण ही भिंत साध्या सुरुंगानेही पडेल."

"मंग हिले सांगा," आई म्हणाली. "माह्यं काई आयकत नाई. मी बाहेर निजली तं हे पोरगी बी मांगं येईन, असं वाटलं होतं. मले आता कायची भीती?"

मी आणि साहेबांनी मिळून पलंग उचलला आणि समोरच्या पडवीत आणला. तिथे भिंती नाहीत, कुडाच्या हलक्या ताट्या आहेत, वाराही लागत नाही. पलंग टेकतो न टेकतो तोच आई अंगणातली बाज ओढत घेऊन आली आणि माझ्या पलंगाला लावून ठेवली. इतके दिवस पहाटे ती माझी वाट बघत खोकत होती, आणि मी आतून तिला घाबरट म्हणत होते.