मास्तरांची तीन इंच जागा

शिंपीमास्तर बोलायचे ते तोंडात टाचण्या धरूनच. त्यामुळे त्यांचा रागसुद्धा ओठांच्या एका कोपऱ्यातून बेताबेतानं बाहेर यायचा. त्या सकाळी मात्र टाचण्या थुंकून ते ओरडले, "अगं, ऐकलंस का! चोर शिरलाय!"

बायको लाटणं घेऊन धावली. चोर म्हणजे शेजारचा बेकरीवाला. मास्तरांच्या मागच्या खिडकीसमोर तो भिंतीसाठी चर खणत होता.

मास्तरांनी खरेदीखत काढलं, गळ्यातली टेप काढली आणि मागचं अंगण मोजलं. तीन इंच कमी! पुन्हा मोजलं. तीनच!

"तीन इंचांनी काय होतंय हो?"

"तीन इंच कमी पडले तर कोटाचं बटण लागत नाही, कळलं?"

दुपारी ते वकीलबाईंच्या ऑफिसात. बाईंचे काळे कोट मास्तरच शिवायचे, त्यामुळे खुर्ची लगेच मिळाली.

"फौजदारी करा. शिवाय ताब्याचा दावा, नुकसानभरपाई आणि तो मनाई हुकूमही लावून द्या."

बाईंनी चष्मा कपाळावर सरकवला. "मास्तर, गिऱ्हाईक आलं की तुम्ही आधी काय विचारता?"

"कपडा रोज घालायचाय की समारंभाला?"

"मग मीही तेच विचारते. दावा कशासाठी हवाय?"

"न्यायासाठी!"

"तो सगळ्यांनाच हवा असतो. भिंत उभी राहिली तर तुमचं नेमकं काय अडतं?"

मास्तर तोंडात टाचण्या नसतानाही ओठांच्या कोपऱ्यातूनच बोलले, "मशीन त्या खिडकीशी आहे. एकतीस वर्षं. दिव्याखाली काळ्या कापडावर काळा दोरा दिसत नाही हो मला आता. उजेड गेला की माझं दुकान बंदच."

बाईंनी तेवढंच लिहून घेतलं. "थोडक्यात सांगते," म्हणाल्या आणि पाऊण तास बोलल्या. त्याचं सार इतकंच: हद्द कुठे आहे ते आधी मोजणीवाल्याला ठरवू दे, तोवर कुणाला चोर म्हणू नका.

मोजणीवाला आला, बाईही आल्या. त्यानं यंत्र लावलं, खुणा ठोकल्या. चर अख्खा बेकरीवाल्याच्या जागेत निघाला.

"काय मास्तर, चोर सापडला नाही ना अजून, हो की नाही?" बेकरीवाला प्रत्येक वाक्याला ही शेपटी लावायचाच.

"तुम्ही कसं मोजलंत?" मोजणीवाल्यानं विचारलं.

मास्तरांनी टेप लावून दाखवली. सुरुवातीला कुंपणापासून दीड इंच सोडले, शेवटाकडे पुन्हा दीड.

"हे काय?"

"शिलाईचं मार्जिन," मास्तर म्हणाले, आणि बोलता बोलताच त्यांचा चेहरा उतरला.

"संपलं. हरलो," ते बाईंना म्हणाले.

"हरलात ती जागा. ती तुम्हाला नकोच होती. ताब्याचा दावा केला असतात तर आज तोंडघशी पडला असतात. खिडकीतून इतकी वर्षं येणारा उजेड अडवू नये, एवढीच मनाई मागायची. तीही भिंत उभी राहायच्या आत." मग त्या बेकरीवाल्याकडे वळल्या. "भिंत कशाला हवीय?"

"पावाचे ट्रे टेकवायला."

"मग कंबरेएवढी पुरेल?"

"पुरेल की! गवंडी म्हणाला उंच शोभते, म्हणून... हो की नाही?"

चराशी उभ्या गवंड्यानं मान दुसरीकडे वळवली.

करारनामा तिथेच झाला. भिंत खिडकीच्या चौकटीखाली राहील, कायमची. उंची मोजायला मास्तर टेप घेऊन उठले, तर बाईंनी ती हातातून काढून घेतली. "हे मोजणीवाल्याला मोजू द्या."

भिंत झाली त्या दिवशी मास्तरांनी काळा दोरा पहिल्या फटक्यात सुईत ओवला. बेकरीवाला नव्या एप्रनसाठी माप द्यायला समोर उभा होता.

"बरोबर मोजताय ना, मास्तर?"

"तुमच्या पोटाची हद्द दर वर्षी पुढे सरकते," टाचण्यांमधून उत्तर आलं. "तीन इंच जास्तीचे धरलेत."