खळ घातलेले शर्ट

लव्हॉन टीटजेन अंडीसुद्धा उजेडासमोर धरून बघितल्याशिवाय घरात घेत नसे, आणि ती अंडी तिच्याच कोंबड्यांची असत. नवरा तर जिल्हाभर हिंडणारा. ऑर्व्हल लिलाव पुकारायचा. कुणी शेती मोडली, कुणाचं म्हातारं गेलं, की हा ट्रॉलीवर उभा राहून ट्रॅक्टरपासून कॉफीच्या मगापर्यंत सगळं खपवायचा. गर्दीत कुणाची नुसती भुवई हलली तरी त्याला बोली कळायची. अशा माणसाला कोण ओळखत नाही? जुने आमदार थकले तेव्हा लोकांनी यालाच उभं केलं.

"तिथं तुझं काय काम?" लव्हॉनने विचारलं होतं.

"इथलंच. लोकांच्या वतीनं बोली लावायची."

"आणि तुझीच बोली लागली तर?"

ऑर्व्हल हसला होता. ती हसली नव्हती.

जानेवारी ते मे राज्याच्या विधानसभेचं अधिवेशन. सोमवारी पहाटे राजधानीला जायचं, शुक्रवारी रात्री परत. जिल्ह्याच्या जत्रेत मिरवणुकीतून पोरांवर चॉकलेट-गोळ्या उधळायच्या, शनिवारी वाचनालयात बसून मतदारांची बोलणी खायची. ऑर्व्हलने हे सगळं हसतमुखाने केलं, म्हणून दरवेळी निवडून आला. आणि मग एका हिवाळ्यात त्याचे शर्ट खळ घालून येऊ लागले.

लव्हॉनने आयुष्यात कधी खळ घातली नव्हती. तिने कॉलर बोटाने वाकवून पाहिली, तर ती पुठ्ठ्यासारखी परत उभी राहिली.

"हे कोण करतं?"

"राजधानीतली घरमालकीण. सगळ्याच भाडेकरूंचे करते."

"किती वर्षांची आहे?"

"अगं, तिला पणतवंडं आहेत!"

पणतवंडं काय, कुणालाही असतात म्हणता येतं. संशयाला एकदा दार उघडलं की तो पाहुण्यासारखा बसत नाही, घरमालकासारखा बसतो.

त्याच हिवाळ्यात डुकरांच्या कंपनीचं विधेयक आलं. ओढ्याकाठी हजारो डुकरांच्या विष्ठेचे तलाव खोदायचे, आणि जिल्ह्याने हरकत घ्यायची नाही. लव्हॉनचा धाकटा भाऊ गेलन ब्रांट त्याच ओढ्यावर दुधाच्या गाई पाळायचा. वाचनालयात त्याने सर्वांसमोर विचारलं, "भावोजी, तुम्ही काय करणार?"

"लाल बटण," ऑर्व्हल म्हणाला. "विरोधात. मरेपर्यंत लाल."

पुढच्या मंगळवारी रात्री लव्हॉनने राजधानीतल्या खोलीवर फोन लावला. कुणी उचलला नाही. रात्रभर तिला झोप नाही. सकाळ होताच तिने थेट विधानसभेतच फोन लावला आणि दारावरच्या माणसाला सांगितलं, घरचं तातडीचं काम आहे. ऑर्व्हल धापा टाकत फोनवर आला.

"काय झालं? कुणाला काय झालं?"

"काल रात्री कुठं होतास?"

पलीकडे त्याने श्वास सावरला. मग तो म्हणाला, "जेवायला गेलो होतो, लव्हॉन," आणि त्याने फोन ठेवला.

दुपारी रेडिओवर बातमी आली. विधेयक एका मताने मंजूर झालं होतं, आणि ऑर्व्हल टीटजेनच्या नावापुढे हिरवा दिवा लागला होता.

गावाला फार विचार करावा लागला नाही. विकला गेला! हॉटेलात त्याच्या टेबलावरची माणसं कॉफी अर्धी टाकून उठू लागली. गेलनने बोलणं तोडलं. लव्हॉनने तर मनात हिशेब जुळवूनच टाकला होता: कंपनीचं जेवण, कंपनीची बाई, कंपनीची खळ.

"काहीतरी बोल की!" ती ओरडली.

"दिवा माझ्या नावापुढे लागला," ऑर्व्हल म्हणाला. "काय बोलू?"

पुढच्या निवडणुकीत लोकांनी त्याला घरी बसवलं. तो पुन्हा लिलाव पुकारू लागला. नवरा-बायको एका टेबलावर जेवत, पण ती अजूनही त्याच्या कॉलरी वाकवून बघत असे.

काही वर्षांत ओढा नासला, गाई आटल्या, आणि गेलनने शेत विकायला काढलं. ऑर्व्हलशी बोलणं बंद असलं, तरी लिलावाला जिल्ह्यात दुसरा होता कोण? निरोप लव्हॉनमार्फत गेला.

लिलावाच्या दिवशी चर्चच्या बायकांबरोबर लव्हॉन घरी भाजलेले गोड 'ॲपल पाय' विकत होती. एक जाडगेला माणूस त्याचा एक तुकडा घेऊन रेंगाळला. हा रस कोल्बी, विधानसभेत ऑर्व्हलच्या शेजारच्या बाकावर बसायचा. याला इथं कुणी पाठवलं, हाच तिच्या मनात पहिला विचार आला.

"वाईट वाटतं हो," रस म्हणाला. "माझ्याच हातून झालं ना ते."

"काय झालं?"

"म्हणजे ऑर्व्हलने सांगितलं नाही तुम्हाला? अहो, शेजारी उठून गेला की त्याचं बटण आपण दाबायचं, ही आमची जुनी रीत. 'किरकोळ विधेयकं आहेत, माझंही हिरवं दाब' म्हणून तो पळाला. आणि अध्यक्षांनी डुकरांचंच मध्येच पुढे घेतलं. मी गप्पांत होतो. माझं हिरवं दाबलं, त्याचंही दाबलं. तो परत आला तोवर निकाल जाहीर. मग मत फिरवता येत नाही."

"पळाला कुठं?"

"घरून काहीतरी तातडीचा फोन होता."

लव्हॉनच्या हातातली सुरी ॲपल पायमध्येच राहिली. धापा टाकणारा तो आवाज तिला आठवला. कुणाला काय झालं? असं त्याने विचारलं होतं.

ती तशीच ट्रॉलीकडे गेली. ऑर्व्हल दुधाच्या कॅनची बोली पुकारत होता. तिला बघून थांबला, खाली वाकला.

"का नाही सांगितलंस मला?"

त्याने आधी रसकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

"सांगितलं असतं तर गेलनने तुझ्याशी बोलणं तोडलं असतं," तो हळूच म्हणाला. "मी काय, भावोजी. बहीण त्याला एकच आहे."

तिच्या डोळ्यांना धार लागली. एवढी वर्षं जिथं तिथं पाणी मुरतंय म्हणून ती खणत बसली होती, आणि मुरलेलं होतं ते हे. लोक ताटकळले होते. ऑर्व्हलने कॅन पुन्हा उचलला.

गेलन फाटकाजवळ एकटा उभा होता. लव्हॉन एप्रनला हात पुसत त्याच्यापाशी गेली.

"गेलन, त्या दिवशीचा फोन माझा होता."

"कुठला फोन?" गेलनने विचारलं.

आणि तिला खळीपासून सगळं सांगावं लागलं.